सेमारशिवायचा देश

इंडोनेशियातल्या जोगजाकार्तात मी भाड्यानं राहतो त्या घराच्या मालकीणबाईंचा नातू पहिलीत आहे. त्याला घड्याळ कळत नाही आणि त्याचं काही अडतही नाही. वाडग्यावर चमचा टिंगटिंगला की दुपार, कारण बाक्सोची, म्हणजे मांसाच्या गोळ्यांच्या रश्श्याची, गाडी आली. वाफेची शिट्टी किंचाळली की संध्याकाळ. आता बांबूच्या नळीत पुतू उकडणार, आत गूळ, वर खोबरं, मोदकाचा लांबचा भाऊच. या व्यवस्थेत, काहीच न वाजवता आणि काहीच न विकता रोज गल्लीतून जाणारा मोठा माणूस नेमका कशासाठी असतो, हे त्याला उमगेना. त्यानं चौकशी लावली.

"ओमची आंघोळ झाली?" काकाला इथली पोरं ओम म्हणतात. संध्याकाळी सगळी गल्ली दुसऱ्यांदा आंघोळ करते, पोरं तोंडाला पावडर थापून बाहेर पडतात.

"सकाळीच झाली की."

पुढे काही येईल म्हणून तो जरा थांबला. आलं नाही, तेव्हा एक पाऊल मागं सरकला.

मग जेवण. चार पोळ्या आणि बटाट्याची भाजी हाणून मी तृप्त बसलो होतो. "भात?" त्यानं विचारलं. मी म्हटलं, आज नाही. संपलं! भात पोटात गेला नाही तर माणूस जेवला असं इथं धरतच नाहीत. थोड्या वेळात आजी भाताचं ताट घेऊन दारात, मागं शेजारीण तळलेलं तेंपे, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनची वडी, घेऊन, आणि दोघींच्या मध्ये हा, मदतकार्याचा प्रमुख असल्यासारखा. मी पुन्हा जेवलो. सोमवारी शाळेवरून जाताना झेंडावंदनाच्या रांगेतली पांढरा सदरा-लाल चड्डीवाली पोरं माझ्याकडे ज्या करुणेनं बघत होती, त्यावरून बातमी वर्गभर पोचल्याचं कळलं.

महाभारताच्या बाबतीत मात्र मी निर्धास्त होतो. जावातला वायांग, म्हणजे कातडी बाहुल्यांचा सावल्यांचा खेळ, आपल्याच पांडवांवर चालतो.

"ओमच्या महाभारतात सेमार काय करतो?"

सेमार हा पांडवांचा बुटका, ढेरपोट्या सेवक. मुळात देव, पण विदूषक होऊन माणसांत राहिलेला. खेळ रात्रभर चालतो. मध्यरात्रीच्या सुमारास सेमारची पोरं आणि मागोमाग तो स्वतः येऊन सगळ्यांची टिंगल करतात. लोक त्यांच्यासाठीच जागतात, असा माझा संशय आहे. व्यासांनी सेमार लिहिलेला नाही, हे मी सांगून टाकलं.

"मग हसवतं कोण?"

मी अठराही पर्वं मनात चाळली. भीष्म? विदुर?

"गातोत्काचा तरी आहे का?"

"घटोत्कच? आहे ना!"

"आमच्याकडे त्याच्या नावाचं विमान आहे." हे खरं आहे. 1995 साली इंडोनेशियानं स्वतः बांधलेलं एन-250 उडालं, त्याचं नाव गातोत्काचा. आता ते इथल्याच हवाई दलाच्या संग्रहालयात उभं आहे. आमच्याकडे घटोत्कच म्हटलं की पंगतीत आग्रह न करता जेवणारा आडदांड मामा आठवतो, हे मी बोललो नाही.

शेवटचा हुकमी पत्ता म्हणून द्रौपदीचे पाच नवरे काढले. वायांगात तिचा नवरा एकटा युधिष्ठिर. पोरगं हबकलं, पण आजींनी 2014 साली आपली हिंदी महाभारत मालिका इंडोनेशियन आवाजात पाहिलेली. त्या शांतपणे म्हणाल्या, "मालिका लांबवायची म्हणजे असं काहीतरी करावंच लागतं."

आता सुट्टीच्या दिवशी गल्लीत महाभारत खेळतात. मूळ देशातला म्हणून मला निदान अर्जुन मिळावा अशी अपेक्षा होती. साहेबांनी माझ्या पोटाकडे पाहिलं आणि निकाल दिला, "ओम सेमार." चालेल, म्हटलं, मोठं पात्र आहे. मी लगेच तोंडं वेडीवाकडी करायला लागलो, तर त्यानं युद्ध थांबवून मला दटावलं: सेमार मध्यरात्री येतो, तोवर ओमनं गप्प कोपऱ्यात बसायचं.