काका, एडिटिंगला टाकलंय!

साखरपुड्याआधी लग्नाचा फोटोग्राफर पहिल्या रिंगला फोन उचलतो. रात्री साडेअकराला मेसेज टाका, लगेच उत्तर येतं, वर हात जोडलेला इमोजी. घरी येतो, चहा घेतो, नवरीच्या आजीच्या पाया पडतो. आजीला तो होणाऱ्या नातजावयापेक्षा वळणाचा वाटतो. पुढे अल्बमची वाट बघताना हीच आजी त्याला काय काय म्हणते, ते इथे छापता येणार नाही.

हा कायापालट होतो कधी? पैसे पुरे होतात तेव्हा. बुकिंगला ॲडव्हान्स, हळदीला निम्मे आणि उरलेले लग्नाच्या दिवशी. हे 'उरलेले' मागण्याचा मुहूर्त तो गुरुजींपेक्षा अचूक साधतो. अंतरपाट धरलेला असतो, मामा नवरीला घेऊन निघालेला असतो, केटररचा माणूस 'पहिली पंगत लावू का?' म्हणत कानाशी उभा असतो, आणि तेवढ्यात असिस्टंट हळूच येतो. "काका, ते बाकीचं आत्ता करता का?" काका पाकीट काढून देतात. कन्यादानाचं पाणी सोडायच्या आधीच अल्बमवर पाणी सोडून होतं.

मांडववाला, मेकअपवाली, बँडवाला यांचं असं होत नाही. त्यांचं काम कार्यालयातच संपतं. बिघडलं तर तिथेच दिसतं आणि पैसे तिथेच कापता येतात. लग्न लागून गेल्यावर माल द्यायचा असतो तो एकट्या फोटोग्राफरला. आणि नेमके त्याचेच पैसे आपण आधी चुकते करतो.

एक गोष्ट मात्र तो वेळेवर देतो. टीझर! पाठवणीचे डोळे सुकायच्या आत तो इन्स्टाग्रामवर येतो. स्लो मोशनमध्ये पडणाऱ्या अक्षता, ड्रोनने टिपलेलं कार्यालयाचं पत्र्याचं छप्पर, मागे पंजाबी गाणं आणि खाली त्याचा नंबर. आपल्या मुलीचं लग्न त्याची जाहिरात होऊन गावभर फिरतं. ज्यांनी पैसे मोजले त्यांनी अल्बम विचारला की उत्तर ठरलेलं, "काका, एडिटिंगला टाकलंय." लोणचं मुरायला टाकावं तसं.

त्यानंतर 'सीझन चालूय काका'. ठीक आहे, तुळशीचं लग्न लागल्यापासून सीझन असतो, मान्य. पण आषाढी एकादशीला देव झोपतात आणि चातुर्मासात बहुतेक मुहूर्त थंडावतात. तेव्हा तरी हा मोकळा असेल म्हणून फोन लावावा, तर देवाच्या पाठोपाठ हाही झोपलेला. देव निदान कार्तिकीला उठतात. हाही उठतो म्हणा, पण दुसऱ्याच्या लग्नाला जायला.

मग लॅबमधलं मशीन बंद पडतं, हार्डडिस्क उडते, एडिटर गावी जातो. शेवटचं अस्त्र, "सिलेक्शन तुमच्याकडूनच आलं नाही." इथे मात्र त्याचं थोडं खरं असतं. हजारो फोटोंतून अल्बमपुरते निवडायचे म्हटल्यावर विहीणबाईंना त्यांच्या पाचही बहिणी हव्या असतात आणि प्रत्येक बहिणीला स्वतःचा वेगळा फोटो हवा असतो. त्यात महिने जातात. पण नंबरांची यादी पाठवून झाल्यावरही निळ्या टिका उमटतात आणि उत्तर येत नाही, तेव्हा तो दोष विहीणबाईंच्या बहिणींचा नसतो.

इकडे सरकार थांबत नाही. महाराष्ट्रात 1998 च्या कायद्यानुसार लग्नाची नोंदणी 90 दिवसांत करायची. तिथे कागदपत्रांत लग्नाचा फोटो मागतात. तो कुठून आणणार? शेवटी चुलतभावाने मोबाइलवर काढलेला शोधायचा, ज्यात नवरदेवाचे डोळे मिटलेले आहेत आणि मागे कोणीतरी शीतपेयाची बाटली तोंडाला लावलेली आहे. प्री-वेडिंगसाठी लोणावळ्यापर्यंत गेलेल्या जोडप्याचा सरकारदरबारी पुरावा तो.

फोटोग्राफरला एवढं बळ येतं कुठून? आपल्याच एका वाक्यातून. 'शुभकार्यात वाद नको.' भाजीवाल्याशी कोथिंबिरीच्या जुडीवरून घासाघीस करणारा माणूस फोटोग्राफरला दीड लाख देताना पावती मागत नाही. का, तर 'ओळखीतला आहे' आणि 'बरं दिसत नाही'. किती पानांचा अल्बम, कोणत्या तारखेला, मूळ फोटो देणार की नाही, सगळं तोंडी. लग्नपत्रिकेचा मजकूर चार जणांकडून तपासून घेणाऱ्या घरात कराराचा एक कागद निघत नाही. लग्नानंतर आवाज चढवायचा तर मुलगी म्हणते, "बाबा, चिडला तर डेटा डिलीट करेल." म्हणजे पैसेही त्याच्याकडे आणि ओलीसही त्याच्याकडेच.

तर आता थोडा वाद घाला. शेवटचा हप्ता अल्बम हातात पडल्यावर, हे बुकिंगच्याच दिवशी व्हॉट्सॲपवर लिहून कळवा आणि त्याच्याकडून 'ओके' घ्या. ऐन लग्नात असिस्टंट आला तर त्याला जेवायला बसवा. जे आधीच देऊन बसले आहेत, त्यांनी पैसे दिल्याचे पुरावे, मेसेज, कॉलची नोंद जपून ठेवावी आणि मुदत घालून लेखी नोटीस द्यावी. त्यालाही उत्तर नाही आलं तर 1915 ही राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन आहे. त्यापुढे जिल्हा ग्राहक आयोग. दिलेली रक्कम पाच लाखांपर्यंत असेल तर तक्रारीला फी नाही आणि वकील लावलाच पाहिजे असंही नाही. 2019 च्या कायद्याने आपण राहतो त्या जिल्ह्यात तक्रार करता येते, त्यामुळे फोटोग्राफर नाशिकचा आणि तुम्ही साताऱ्याचे असलात तरी अडत नाही. आयोगही तारखा देतो, निकाल काही टीझरच्या वेगाने येत नाही. पण नोटीस हातात पडल्यावर बऱ्याच जणांची उडालेली हार्डडिस्क परत येते.

तक्रारीची मुदत दोन वर्षांची आहे. तोवर त्याचा मेसेज येईलच, आपणहून, हात जोडलेल्या इमोजीसह. 'बारसं स्पेशल पॅकेज, पन्नास टक्के ॲडव्हान्स.' त्याला उत्तर देऊ नका.