बाबांकडे काय मागितलंत?

शिर्डीला एखाद्या गुरुवारी जा. शुक्रवारी सिनेमा लागणार असतो, म्हणून त्यातला नट नाहीतर नटी आदल्या दिवशी दर्शनाला आलेली असते. दर्शन होतं, शाल पांघरली जाते, साईंची मूर्ती हातात येते, फोटो निघतो. बाहेर पाऊल पडताच पाच-सात बूम तोंडासमोर येतात आणि प्रश्न येतो, "बाबांकडे काय मागितलंत?" उत्तरही ठरलेलं. बाबांनी न मागता सगळं दिलंय, सिनेमाला यश मिळू दे, सगळे सुखी राहोत. पाऊण मिनिटात गाडीचं दार लागतं. संध्याकाळी बातमी झळकते, अमुक अमुक साईचरणी.

त्या बूममागच्या एका पोराला मी ओळखतो. राहात्याकडचा आहे, बी.ए. झालाय. त्याच्या सॅकमध्ये तीन चॅनेलांचे लोगो असतात. माईकच्या दांड्यावर चढवायचे आणि उतरवायचे ते चौकोनी ठोकळे. त्यातल्या एकाचा कोपरा फुटलाय, त्याला खाकी चिकटपट्टी लावलीय. स्ट्रिंगर आहे. म्हणजे पगार नाही, बातमी लागली तर पैसे. पेट्रोल पदरचं. मागच्या महिन्यात घरी आला, पाणी प्यायला आणि म्हणाला, "काका, मला सेलिब्रिटी मुलाखतकार व्हायचंय. जोडीला पीआर पण करीन. दोन्ही हातात असलं की मुंबईत जम बसतो म्हणतात."

त्याला जे सांगितलं तेच इथे लिहितोय. तो एकटा नाही. कोपरगाव, श्रीरामपूर, पाथर्डी, कर्जत, कुठेही जा, मोबाइलला माईक जोडून असा एक तरी मुलगा किंवा मुलगी उभी असते. त्यांच्या मेहनतीबद्दल मला आदर आहे, आणि त्यांना चुकीची वाट दाखवणाऱ्यांचा मनापासून राग आहे.

पहिली गोष्ट. दोन्ही कामं एका माणसानं करायची नाहीत. मुलाखतकार वाचकाच्या वतीनं विचारतो. प्रसिद्धीप्रमुख निर्मात्याच्या वतीनं बोलतो. दोन्ही कष्टाची कामं आहेत आणि दोन्ही इमानानं करता येतात. पण सकाळी ज्याच्या सिनेमाची प्रेस नोट लिहिली, त्यालाच संध्याकाळी खुर्चीत बसवून 'सिनेमा का पडला' असं विचारता येत नाही. प्रश्न ओठावर येतो आणि महिन्याच्या पैशाकडे बघून परत जातो. कोणी दम दिलेला नसतो. आपणच प्रश्न गिळतो.

प्रसिद्धीच्या कामाला मी कमी लेखत नाही, हे आधी सांगून टाकतो. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' आणला तेव्हा सिनेमा काय असतो हे लोकांना माहीत नव्हतं. दोन आण्यांत सहा-सहा तास नाटक बघायची सवय असलेला प्रेक्षक दीड तासाच्या हलत्या चित्रांना का येईल? सुरतेला खेळ लावला तेव्हा फाळक्यांनी जाहिरातीतून सांगितलं की ही ५७ हजार छायाचित्रं आहेत, दोन मैल लांबीचं चित्र आहे आणि दर तीन आणे. लोक आले. माल काय आहे, किती आहे आणि केवढ्याला आहे, एवढंच सांगितलं होतं. प्रसिद्धीचं काम शिकायचं तर ते इथून शिकावं, असं मी त्या पोराला म्हणालो.

आज हे काम कसं चालतं? टीझर, मग गाणं, मग ट्रेलर. मग गाडीत बसून शहरं. पुण्याहून संभाजीनगरला जाताना नगर वाटेवर पडतं, म्हणून एखाद्या कॉलेजात अर्धा तास थांबतात, दोन पावलं नाचतात, सेल्फी देतात आणि पुढे निघतात. २०१४ साली 'चला हवा येऊ द्या' सुरू झाल्यावर मराठी सिनेमाच्या टीमला तिथे हजेरी लावणं जवळपास नेमाचंच झालं. आता त्यात रील करणारे आलेत, कोलॅब आलंय. या सगळ्याची जुळवाजुळव करणारा माणूस रात्री दोनपर्यंत फोनवर असतो. हा धंदा खडतर आहे, पण धंदा आहे. त्याला धंदाच म्हणावं, पत्रकारिता म्हणू नये.

घोळ होतो तो मुलाखतीत. मुलाखतीच्या आधी व्हॉट्सअॅपवर यादी येते. लग्नाबद्दल नको. मागच्या सिनेमाबद्दल नको. मानधनाबद्दल नको. राजकारण तर अजिबात नको. शेवटी हात जोडलेली खूण. मग राहिलं काय? 'शूटिंगच्या वेळी सेटवर काय धमाल केलीत?' हा प्रश्न मी गेल्या दहा वर्षांत इतक्या वेळा ऐकलाय की सेटवर धमाल सोडून दुसरं काही होत असेल असं नव्या वाचकाला वाटणारच नाही. तिथे माणसं सोळा-सोळा तास उभी असतात. लाइटवाला असतो, स्पॉटदादा असतो. मानधनाचा चेक महिनोन्महिने लांबतो. यातलं काही विचारलं जात नाही.

माझ्या बाबतीत घडलेलं सांगतो. कित्येक वर्षांपूर्वी एका पुरवणीसाठी एका नटाची मुलाखत ठरली. त्याला वेळ मिळेना. शेवटच्या दिवशी त्याच्या माणसानं प्रश्न आणि उत्तरं दोन्ही टाइप करून पाठवली. मी नको म्हणालो, पण पान रिकामं होतं. सकाळी पेपर उघडला तर मुलाखत छापलेली आणि वर माझं नाव. त्यात मी त्याला विचारलं होतं की एवढं यश मिळूनही पाय जमिनीवर कसे राहिले. त्या नटाला मी आजतागायत भेटलेलो नाही. आईनं ते कात्रण जपून ठेवलं. तिला खरं सांगायला मला सहा महिने लागले. तेव्हापासून पीआरच्या यादीनं माझं डोकं फिरतं.

आता मुलाखत. ती शिकायची तर नगरच्या पोराला लांब जायला नको. दौंड रस्त्यानं अरणगावला जावं. तिथे मेहेराबाद आहे, मेहेरबाबांची समाधी आहे. मेहेरबाबांनी १० जुलै १९२५ ला मौन धरलं आणि ३१ जानेवारी १९६९ ला देह ठेवेपर्यंत ते बोलले नाहीत. तरी १९३२ साली ते विलायतेला आणि अमेरिकेला गेले तेव्हा वर्तमानपत्रवाले त्यांच्यामागे होते, हॉलिवूडमध्ये मेरी पिकफोर्ड आणि डग्लस फेअरबँक्स यांच्या घरी त्यांचं स्वागत झालं होतं. त्या वर्षी लंडनमध्ये 'संडे एक्स्प्रेस'चे जेम्स डग्लस त्यांना भेटायला गेले. जाताना रिकाम्या हातानं गेले नाहीत. सर डेनिसन रॉस या पौर्वात्य विद्येच्या पंडिताची मदत घेऊन त्यांनी प्रश्नावली बनवली होती आणि हेतू हा की या माणसाला कात्रीत पकडायचं. उत्तरं इंग्रजी अक्षरांच्या फळीवर बोट फिरवून येत होती, एकेक अक्षर. डग्लसना माणूस काही पकडता आला नाही, आणि तसं त्यांनी मोकळेपणानं छापलं.

यात दोन गोष्टी आहेत. अवघड प्रश्न तयार करायला त्यांनी आधी जाणकाराचं दार ठोठावलं. आणि आपला डाव फसला हे वाचकापासून लपवलं नाही. समोरचा माणूस एक शब्दही बोलत नव्हता, तरी ती मुलाखत झाली. आपल्याकडे समोरचा धडाधड बोलतो आणि हाती काही लागत नाही.

मुलाखत हा पोट भरण्याचा पक्का उद्योग होऊ शकतो का, असं पोरानं विचारलं. होऊ शकतो. मुंबई दूरदर्शन १९७२ ला सुरू झालं आणि त्याच वर्षी तबस्सुम 'फूल खिले हैं गुलशन गुलशन' घेऊन आल्या, तो कार्यक्रम १९९३ पर्यंत चालला. त्या स्वतः बालकलाकार म्हणून वाढलेल्या, समोरच्याला लहानपणापासून ओळखणाऱ्या. आपल्याकडे पुण्याच्या सुधीर गाडगीळांनी गावोगावच्या व्यासपीठांवर लोकांना बोलतं करणं हेच आयुष्यभराचं काम केलं. इसाक मुजावरांनी सिनेमाच्या माणसांवर जन्मभर लिहिलं. या तिघांकडे मुंबईतली ओळख होतीच, पण ओळख तर पीआरवाल्याकडेही असते. यांच्याकडे आठवण होती. समोरच्यानं वीस वर्षांपूर्वी काय केलं होतं ते यांना त्याच्याहून नीट आठवायचं.

तर गृहपाठ. मी पोराला विचारलं, नगरचे कलावंत सांग. त्यानं सदाशिव अमरापूरकरांचं नाव घेतलं. शाब्बास. त्यांना काय विचारलं असतंस? "'सडक'मधली महाराणी कशी सुचली?" बरोबर आहे, तेच सगळ्यांनी विचारलं. १९९१ चा तो सिनेमा. फिल्मफेअरनं खलनायकासाठी वेगळं पारितोषिक सुरू केलं ते पहिल्यांदा त्या भूमिकेसाठी त्यांनाच मिळालं. त्याआधी 'अर्धसत्य'मधला रामा शेट्टी होता. पण २०१३ ची होळी? महाराष्ट्र दुष्काळात होरपळत होता, आपल्या जिल्ह्यात टँकर फिरत होते, आणि मुंबईत त्यांच्या घराजवळ रेन डान्ससाठी पाणी उधळलं जात होतं. हा माणूस साठी ओलांडलेल्या वयात थांबवायला गेला आणि त्याला मारहाण झाली. पुढच्याच वर्षी, ३ नोव्हेंबर २०१४ ला ते गेले. नगरच्या मातीतला माणूस पाण्याच्या थेंबासाठी मुंबईत मार खातो, यावर बसून तासभर बोलावं असं किती मुलाखतकारांना वाटलं असेल? पोर गप्प झालं. त्याला हे ठाऊक नव्हतं. २०१३ ला तो शाळेत होता, त्याचा दोष नाही. पण आता तो माईक धरतो, आता ठाऊक हवं.

शाहू मोडकांचं नाव त्यानं ऐकलं नव्हतं. नगरला २५ एप्रिल १९१८ ला एका ख्रिस्ती घरात जन्मले, पुढे पडद्यावर पुन्हा पुन्हा कृष्ण झाले आणि १९४० मध्ये 'प्रभात'चे ज्ञानेश्वर झाले. त्याच महिन्यात, नऊ दिवस आधी, याच नगरच्या लष्करी वस्तीत एका ब्रिटिश लष्करी कुटुंबात स्पाइक मिलिगन जन्मला, ज्यानं पुढे बीबीसीवरून अख्खी विलायत हसवली. एका गावानं नऊ दिवसांत एक कृष्ण आणि एक विदूषक जगाला दिला. मोडक १९९३ पर्यंत होते. ख्रिस्ती घरातला मुलगा मुरली हातात घेतो आणि लोक त्याला हात जोडतात, तेव्हा मनात काय चालतं? हा प्रश्न मला आजही छळतो, आणि विचारायला आता कोणी नाही.

मधुकर तोरडमलांची गोष्ट तशीच. नगरच्या कॉलेजात इंग्रजी शिकवणारा प्राध्यापक 'तरुण तुर्क म्हातारे अर्क' लिहितो, 'ह'ची बाराखडी घराघरांत नेतो. त्यांच्या वर्गातले विद्यार्थी आज सत्तरी-ऐंशीत असतील. त्यांना गाठा की. त्यासाठी विमानतळावर ताटकळायला नको, पीआरची यादी नको, शाल नको.

आणि संगमनेर. कांताबाई सातारकर तिथे राहत होत्या. तमाशाच्या वगात शिवाजी महाराज उभे करणारी बाई. स्वतःचा फड, दौरे, जत्रा, पावसाळ्यातली उपासमार, सगळं पाहिलेली. २०२१ च्या मे महिन्यात, करोनाच्या गदारोळात त्या गेल्या. शिर्डीहून संगमनेर काही लांब नाही. शिर्डीच्या दारात उभे राहणारे बूम किती वेळा त्या अंगणात गेले असतील? सेलिब्रिटी म्हणजे मुंबईहून गाडीतून उतरणारा, ही समजूत आपल्या डोक्यात पीआरनं घातली आणि आपण ती घेतली. ज्या बाईसाठी माणसं बैलगाड्या जोडून यायची ती सेलिब्रिटी नव्हती, तर कोण होतं?

पैशाचं काय, असं पोर म्हणालं. बरोबर आहे. आदर्शावर पेट्रोल भरत नाही. मी त्याला म्हणालो, पोटासाठी पीआर करायचं तर जरूर कर, एखाद्या नाट्यमहोत्सवाचं कर, हुरडा पार्टीचं कर, साखर कारखान्याचं कर. ज्यांच्या मुलाखती घेणार त्यांचं करू नकोस. आणि नागराज मंजुळेंकडे बघ. जेऊरचा मुलगा नगरच्या न्यू आर्ट्समध्ये संज्ञापन शिकायला आला आणि शिकता शिकता 'पिस्तुल्या' करून राष्ट्रीय पुरस्कार घेऊन गेला. त्याच्याकडे मुंबईची ओळख नव्हती, सांगायला स्वतःची गोष्ट होती. तुझ्या जिल्ह्यात गोष्टी ढिगानं पडल्यात. तू दर गुरुवारी त्यांच्या अंगावरून मोटारसायकल नेतोस.

जाताना त्यानं काही कबूल केलं नाही. लोगो सॅकमध्ये टाकले, चेन ओढली आणि गेला. वाईट वाटलं असावं.

परवा रात्री साडेदहाला त्याचा फोन आला. संगमनेरजवळच्या एका गावात होता, मागे कुत्री भुंकत होती. तमाशाच्या फडात चाळीस वर्षं ढोलकी वाजवलेले एक म्हातारे त्याला सापडले होते. दुपारी चारला बसले ते आत्ता उठले. पहिला तास म्हातारे तेच ते ठरीव बोलले, कलेची सेवा केली, मायबाप रसिकांनी प्रेम दिलं. मग पोरानं विचारलं की पावसाळ्यात फड बंद असताना घरी चूल कशी पेटायची. म्हातारे थांबले. ढोलकीच्या शाईवरून अंगठा फिरवत राहिले. मग म्हणाले, "ते यंत्र चालू हाय का बंद?"

"मी म्हटलं, बंद करू का बाबा? तर म्हणाले, नको. ऱ्हाऊ दे चालू."