आरोप चालकावर, शिक्षा मालकाला

बांद्याजवळच्या इन्सुली नाक्यावर गोवा बनावटीची दारू पकडली की बातमीचा मथळा ठरलेला: 'वाहनासह अमुक लाखांचा मुद्देमाल जप्त'. त्या लाखांत मोठा वाटा अनेकदा गाडीचाच असतो. दारूचे नमुने काढून बाकीचा साठा यथावकाश नष्ट होतो. गाडी आवारात उभी राहते. आधी बॅटरी जाते, मग टायर, आणि साक्षीदार तपासायला सुरुवात होईपर्यंत पत्रा गंजून गळायला लागतो. बँकेचा हप्ता तेवढा थांबत नाही.

बेकायदा दारू वाहणाऱ्याला शिक्षा झालीच पाहिजे. मालक त्यात सामील असेल तर त्याची गाडीही सरकारजमा व्हावी, पण गुन्हा सिद्ध झाल्यावर. निकालाआधी गाडी सडवणं म्हणजे खटला न चालवता दिलेली शिक्षा. ती तस्कराला फारशी झोंबत नाही, एक गाडी गेली की तो दुसरी आणतो. कर्ज काढून घेतलेला एकुलता एक टेम्पो चालकाच्या भरवशावर सोडणारा मालक मात्र त्यातून उठत नाही.

सर्वोच्च न्यायालयाने हे १ ऑक्टोबर २००२ रोजीच सांगून ठेवलं आहे. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या प्रकरणात आरोपी होते खुद्द पोलीस. ठाण्यातला मुद्देमाल बदलल्याचा, परस्पर लिलाव केल्याचा आरोप त्यांच्यावर होता. न्यायालयाने बजावलं: जप्त वाहनं ठाण्यात वर्षानुवर्षं ठेवण्यात अर्थ नाही. नीट पंचनामा करा, छायाचित्रं काढा, बंधपत्र आणि हमी घ्या, गाडी सोडा. कुणीच हक्क सांगितला नाही तर लिलाव करा.

आता तर मुदतही कायद्यातच आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ नुसार मुद्देमाल न्यायालयापुढे आल्यावर १४ दिवसांत त्याचं वर्णन तयार व्हायचं, छायाचित्रं निघायची आणि त्यानंतर ३० दिवसांत त्याच्या विल्हेवाटीचा किंवा ताब्याचा आदेश व्हायचा. पुरावा म्हणून ती छायाचित्रं चालतात. मग आवारात सांगाडा कशासाठी सांभाळायचा?

दारूच्या गाड्यांना मात्र काही राज्यांचे कायदे आड येतात. १९४९ चा मुंबई दारूबंदी कायदा १९६० नंतर महाराष्ट्र आणि गुजरात दोघांकडे आला. गुजरातने त्यात भर घातली: ठरावीक प्रमाणापेक्षा जास्त दारू सापडली तर अंतिम निकालापर्यंत गाडी जामिनावर सोडायची नाही. त्यामुळे अनेक मालकांना थेट उच्च न्यायालयाची पायरी चढावी लागली. छोट्या टेम्पोवाल्याला वकिलाची ती फी परवडते का, हे कोणी विचारलं नाही. बिहारच्या २०१६ च्या कायद्याने तर सरकारजमा करण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांकडेच दिला. म्हणजे गाडी पकडणारं प्रशासन आणि तिचा निवाडा करणारंही प्रशासनच.

जानेवारी २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आसाममधला एक ट्रक मालकाला परत देण्याचा आदेश दिला. त्यात सापडलं होतं हेरॉइन. मालक आरोपी नव्हता, ट्रक कर्जावर घेतलेला होता. अमली पदार्थांच्या कठोर कायद्यातही खटला संपेपर्यंत गाडी मालकाच्या ताब्यात देता येते, असं न्यायालय म्हणालं. हेरॉइनच्या गाडीला जो न्याय, तो दारूच्या गाडीला का नाही?

सोडलेली गाडी पुन्हा दारू वाहील, ही भीती खोटी नाही. तिच्यावर इलाज आहे. किमतीएवढं बंधपत्र घ्या. विकायची नाही, रंग बदलायचा नाही, बोलावल्यावर हजर करायची, या अटी घाला. अट मोडली की रक्कम वसूल करा. गंजलेल्या सांगाड्याच्या लिलावापेक्षा त्यात सरकारचंही हित आहे.

मालकांनो, गाडी अडकली असेल तर नोंदणीपुस्तक, विमा आणि कर्जाची कागदपत्रं घेऊन आजच वकील गाठा आणि सुपूर्दनाम्याचा, म्हणजे गाडी ताब्यात मिळण्याचा, अर्ज द्या. दंडाधिकाऱ्यांना विनंती एकच: तपासी अधिकाऱ्याचं 'म्हणणं' आलं नाही म्हणून पुढची तारीख देऊ नका. कायद्याने दिलेली मुदत दंडाधिकाऱ्यांवरही बंधनकारक आहे.