तलाक आता हप्त्याने

देहूरोडला निकाह असला की सगळ्यात कसून तपासली जाते ती बिर्याणी. मीठ, मसाला, ताटात बोट्या किती आल्या, यावर शेवटची पंगत उठेपर्यंत खल चालतो. निकाहनाम्यातला मेहरचा रकाना मात्र उभ्या उभ्या भरला जातो. काझीसाहेब 'किती लिहू?' विचारतात आणि पुष्कळदा कुणी बुजुर्ग 786 सांगून मोकळे होतात. आकडा शुभ, त्यात महिन्याचा किराणाही येत नाही. तेवढीही रक्कम बायकोकडून माफ करून घेण्याची रीत आहेच. कुणी पहिल्या रात्रीचा मुहूर्त धरतो, कुणाचे नातेवाईक थेट जनाज्यापाशी.

लग्न मोडायची वेळ आली की पुरुषाला तीन शब्द पुरत. अगदी पोस्टकार्डावरही मावत. बाईसाठी 1939चा कायदा आहे, आणि तो भारी सबुरीचा. नवरा बेपत्ता आहे हे त्याला चार वर्षांनी पटते, खर्चाला पैसे देत नाही हे दोन वर्षांनी. नवऱ्याला सात वर्षांची शिक्षा झाली तर ते कारण धरतात. पाच वर्षांची झाली तर तिने डबा पोचवावा.

18 एप्रिल 1966ला समाजसुधारक हमीद दलवाईंच्या पुढाकाराने सात मुस्लिम बायका मुंबईत विधानभवनावर चालून गेल्या. सात! आपल्याकडे हळदीकुंकवालाही याहून जास्त जमतात. पण त्यांनी जबानी तलाक आणि बहुपत्नीत्व बंद करा असे भर रस्त्यात सांगितले. 1970मध्ये पुण्यात मुस्लिम सत्यशोधक मंडळ निघाले. मंडळाचे कार्यकर्ते सय्यदभाई या कामात ओढले गेले ते सख्ख्या बहिणीला तलाक मिळाला म्हणून. पुढे 1985मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तलाक मिळालेल्या शहाबानोची पोटगी कायम केली, महिना 179 रुपये 20 पैसे. नवरा व्यवसायाने वकील. एवढ्याशा रकमेने धर्म धोक्यात आला आणि संसदेला 1986मध्ये तो निकाल फिरवणारा नवा कायदा करावा लागला.

22 ऑगस्ट 2017ला एका दमातला तिहेरी तलाक रद्द झाला. 2019पासून तो देणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद आहे. आत बसलेला नवरा पोटगी कशातून देणार, हे कोडे बायकोने सोडवायचे. दर महिन्याला एकदा, असा तीन महिन्यांत द्यायचा तलाक मात्र शाबूत आहे. म्हणजे एकरकमी बंद, हप्त्याने चालू! दुसरी बायको करायलाही मज्जाव नाही. जिला सुटका हवी आणि नवरा अडून बसला आहे, त्या बाईने लोकल धरून शिवाजीनगरचे कौटुंबिक न्यायालय गाठावे.

हे वाचून शेजारच्या गल्लीने फार खूश होऊ नये. तिथे 1961पासून हुंडा बंद आहे. फक्त फ्रिज आणि दुचाकी 'स्वखुशीने' येतात.

निकाहनाम्यात बायकोला तलाकचा अधिकार देणारी अट घालता येते. तिला तफवीज म्हणतात, ती शरियतला मान्य आहे आणि आपल्या न्यायालयांनीही मानली आहे. तेव्हा मामू-चाचांनो, पुढच्या निकाहाला बिर्याणीच्या देगेकडे वळण्याआधी तो कागद एकदा मागून घ्या, मेहरचा आकडा वाचा आणि तफवीजची ओळ लिहायला लावा.