खोलीत माणूस आहे

जानेवारीत पंधरा दिवस न्यू जर्सीत ताईकडे होतो. एका दुपारी फिरून आलो आणि खालच्या मजल्यावर आईच्या खोलीत डोकावलो. आई खुर्चीत बसली होती. डोक्याला कानटोपी, अंगावर शाल, शालीवर ताईचा जुना कोट, बोटांत जपमाळ.

"थंडी वाजतेय का गं?"

"थोडी वाजतेय. म्हटलं, बाहेर बर्फ आहे, वाजायचीच."

हात हातात घेतला तर बर्फासारखा गार. पॅसेजमधल्या थर्मोस्टॅटवर आकडा होता 62 फॅरनहाइट, म्हणजे आपले जेमतेम सतरा. आणि खाली इंग्रजीत लिहिलं होतं : घरी कुणी नाही.

ऐंशी ओलांडलेली बाई सकाळपासून घरात बसून आहे, आणि घर म्हणतंय कुणी नाही! माझा संताप झाला, तो अजून उतरलेला नाही.

दोन मजल्यांना दोन थर्मोस्टॅट असावेत, याबद्दल माझी तक्रार नाही. ते हवेतच. गरम हवा जिन्यातून वर चढते. अख्ख्या घराला एकच थर्मोस्टॅट असला की वरचे घामाघूम होतात आणि खालचे कुडकुडतात. ताईकडे बेसमेंटमध्ये एकच फर्नेस आहे. तिथून निघणाऱ्या पत्र्याच्या डक्टमध्ये मोटरवर चालणाऱ्या दोन झडपा आहेत. ज्या मजल्याचा थर्मोस्टॅट ऊब मागेल, त्या मजल्याची झडप उघडते. चांगली व्यवस्था आहे. माझं भांडण आहे ते मागायचा हक्क कुणाला दिलाय, यावरून.

इथे तो दिलाय फोनला आणि हालचाल टिपणाऱ्या सेन्सरला : फोन घराबाहेर आणि हालचाल दिसत नाही, म्हणजे घरी कुणी नाही. ताईचा आणि दाजींचा फोन ऑफिसात. आईच्या फोनवर थर्मोस्टॅटचं ॲपच नाही. थर्मोस्टॅट पॅसेजमध्ये, आई खोलीत. माळेचा एकेक मणी ओढणारी बोटं त्याला दिसायची कशी? बरं, या ॲपमध्ये 'कुणी नाही' हा निकाल दोन्ही मजल्यांना एकदमच लागतो. मजले वेगळे केले, झडपा वेगळ्या केल्या आणि निकाल मात्र सरसकट. त्यावर कडी म्हणजे मुलं आकडे बदलतात म्हणून स्क्रीनला पिन लावलेला. आईनं उठून तो आकडा वाढवायचा म्हटलं असतं, तरी वाढला नसता.

रोज आठ तास तापमान सात ते दहा अंश फॅरनहाइटनं उतरवलं तर घर गरम-गार ठेवण्याचा वर्षाचा खर्च दहा टक्क्यांपर्यंत वाचतो, असं अमेरिकेचं ऊर्जा खातं सांगतं. जरूर वाचवावा, पण रिकाम्या घरात. त्याच सरकारची वार्धक्याचा अभ्यास करणारी राष्ट्रीय संस्था म्हाताऱ्या माणसांसाठी घर निदान 68 ते 70 वर ठेवा म्हणते, कारण 60 ते 65 इतक्या साध्या गारव्यातही त्यांच्या शरीराचं तापमान धोकादायक पातळीपर्यंत उतरू शकतं. आईच्या खोलीबाहेर 62 होतं.

विस्कॉन्सिनमधल्या व्हाइटवॉटरला वॉरन जॉन्सन नावाचे एक शिक्षक होते. वर्गात गारठा आहे की उकाडा, हे बघायला शाळेचा शिपाई सारखा वर्गात यायचा आणि मग तळघरात जाऊन भट्टीच्या झडपा हलवायचा. त्यावर जॉन्सननी वर्गातूनच तळघरात घंटा वाजवणारा विजेचा थर्मोस्टॅट केला आणि 1883 साली त्याचं पेटंट घेतलं. पुढे 1895 मध्ये खोलीखोलीचं तापमान वेगळं राखणाऱ्या यंत्रणेचंही घेतलं. आज आपण त्याला झोन म्हणतो. जिथे माणसं बसलीत तिथून निरोप जावा, एवढीच त्यातली कल्पना होती. तो निरोप आता माणसांना सोडून ऑफिसातल्या फोनकडून येतो.

संध्याकाळी ताई आली, तिनं आईचे हात बघितले आणि तिच्या डोळ्यांत पाणी आलं. तिला तर लगेच आईच्या खोलीला तिसरा थर्मोस्टॅट आणि तिसरी झडप बसवायची होती. दुरुस्तीवाल्यानं फोनवरच नको म्हटलं, आणि त्याचं बरोबर होतं. एवढ्याशा खोलीची एकच झडप उघडी राहिली की अख्ख्या फर्नेसची हवा एका अरुंद डक्टमध्ये कोंबली जाते. दाब वाढतो, डक्ट आवाज करतो, फर्नेस तापून मध्येच बंद पडतं. झोन पाडायलाही मर्यादा असते.

त्याऐवजी आईच्या पलंगाशेजारच्या कपाटावर एक छोटा सेन्सर ठेवला आणि दिवसा खालच्या थर्मोस्टॅटनं त्याच्याच आकड्यावर चालायचं, असं ठरवून दिलं. 'कुणी नाही'चा निकाल ॲपमधून बंद केला, आता दोन्ही मजले वेळापत्रकावर चालतात. वरचा मजला दिवसा खुशाल गार पडू दे. पिन काढला.

दुसऱ्या दिवशी आईला थर्मोस्टॅटपाशी उभं केलं. तिनं चष्मा लावला, बोटानं कडं फिरवलं आणि मोठ्यानं वाचलं, "सत्तर." खाली बेसमेंटमध्ये फर्नेस धडधडलं. ती व्हेंटवर हात धरून ऊब येईपर्यंत तिथेच थांबली, मग कोट काढून माझ्या हातात दिला.