बारमाही चातुर्मास

‘बिस्किट’ हा शब्द ‘दोनदा भाजलेले’ या अर्थाच्या लॅटिन शब्दांवरून आला असला, तरी माणसाच्या बशीतले बिस्किट आता बहुधा एकदाच भाजले जाते आणि चहात बुडवताच जीव सोडते. व्युत्पत्तीशी इमान राखले आहे ते घरी केलेल्या श्वानबिस्किटाने. कणीक, उकडलेला लाल भोपळा आणि शेंगदाण्याचा बारीक कूट एकत्र घट्ट मळून, लाटून, साच्याने कापून १८० अंश सेल्सिअसला वीस-पंचवीस मिनिटे भाजलेला आणि मग बंद केलेल्या ओव्हनमध्येच काही तास वाळवलेला पदार्थ म्हणजे श्वानबिस्किट. हे दुसरे वाळवणे कंटाळून टाळल्यास आत राहिलेला ओलावा चार दिवसांत बुरशीच्या रूपाने वर येतो.

या पदार्थाचा उगम मात्र स्वयंपाकघरातला नसून गोदीतला आहे. जेम्स स्प्रॅट हा अमेरिकन गृहस्थ १८६० च्या सुमारास इमारतींवरील वीजवाहक विकण्यासाठी लंडनला गेला असता, जहाजांवरून टाकून दिलेली दगडासारखी बिस्किटे गोदीतली कुत्री मिटक्या मारत खाताना त्याला दिसली आणि त्यातून गहू, भाज्या व मांस यांच्या वड्या विकण्याचा धंदा उभा राहिला, असे सांगितले जाते. म्हणजे शोध कुत्र्यांनी आधीच लावला होता. स्प्रॅटने फक्त त्याची किंमत ठरवली. त्याच्याच कंपनीत नोकरी केलेल्या चार्ल्स क्रफ्टने पुढे १८९१ मध्ये स्वतःच्या नावाचे श्वानप्रदर्शन भरवले.

दुधात कुस्करलेल्या शिळ्या भाकरीवर पिढ्यान्‌पिढ्या पोसलेला मराठी घरातला कुत्रा या ओव्हनयुगात आला, तेव्हा गृहिणीला पहिला धक्का बसला तो वर्ज्य पदार्थांच्या यादीचा. कांदा-लसूण नको, कारण त्यातील गंधकयुक्त द्रव्ये कुत्र्याच्या तांबड्या रक्तपेशी फोडतात. मनुका-बेदाणे नकोत, कारण ते मूत्रपिंडांवर घाला घालतात. चॉकलेट नको, कारण त्यातील थिओब्रोमिन, म्हणजे कॅफिनच्या कुळातले एक उत्तेजक, कुत्र्याच्या शरीरातून फार सावकाश बाहेर पडते. आणि झायलिटॉल, म्हणजे ‘शुगर-फ्री’ पदार्थांत आढळणारी एक गोडी, तर मुळीच नको, कारण तिने रक्तातील साखर एकाएकी खाली येते. मीठ, साखर, फोडणी यांनाही रजा. सासूबाईंनी चार महिने नेटाने पाळलेला चातुर्मास हा प्राणी अशा रीतीने बाराही महिने पाळतो, आणि तोही अळणी. फक्त पुण्याचा हिशेब ठेवत नाही.

इतके सारे टाळल्यावर उरलेली सर्व प्रतिभा आकारावर खर्च होते. हाडाच्या आकाराचा साचा आणला जातो, कडा बोटाने सारख्या केल्या जातात, काट्याने तीन-तीन टोचे दिले जातात, आणि एखादे हाड वाकडे निघाले तर पुन्हा मळले जाते. माणसाच्या जिभेवर सुमारे ९००० रुचिकलिका, म्हणजे चव ओळखणारे सूक्ष्म अवयव, असतात, तर कुत्र्याच्या जिभेवर अवघ्या १७०० च्या आसपास. त्यामुळे ज्याच्यासाठी हा खटाटोप चालतो तो मुख्यतः नाकाने जेवतो, आणि वाकड्या हाडाचा वास सरळ हाडासारखाच येतो. ओट्याखाली बसलेल्या या परीक्षकाचे लक्ष ओव्हनकडे नसतेच. ते असते लाटण्याच्या टोकाला चिकटून आता पडेल, मग पडेल अशा बेतात लोंबणाऱ्या कच्च्या पिठाच्या तुकड्याकडे. तो पडतो, आणि मग फरशीचा तेवढा भाग पुसावा लागत नाही.

कुत्रा भाकरी पळवू लागला तेव्हा ती कोरडी लागू नये म्हणून तुपाची वाटी घेऊन त्याच्यामागे धावलेल्या संत नामदेवांची कथा या संदर्भात हमखास सांगितली जाते. आजचा पशुवैद्य मात्र तुपाला हात आखडता घ्यायला लावतो आणि दिवसाच्या एकूण उष्मांकांत खाऊचा वाटा दहा टक्क्यांहून अधिक नसावा, असेही बजावतो, त्यामुळे धावण्याची परंपरा टिकली असली तरी हातातली वस्तू बदलली आहे. दोनदा भाजलेले ते सुबक हाड तोंडात धरून, चार पावले जाऊन, मागे वळून पाहत कुत्रा ते सोफ्याच्या गादीखाली पुरून ठेवायला निघतो, आणि फोटो निघायच्या आत ते नाहीसे होऊ नये म्हणून गृहिणी कणकेने भरलेल्या बोटांनी मोबाइल सावरीत ‘अरे थांब, इकडे बघ’ म्हणत त्याच्यामागे धावते.