सारंगखेड्यात तोल सांभाळण्याची शास्त्रोक्त पद्धत

दत्तजयंतीला, म्हणजे मार्गशीर्ष पौर्णिमेला, तापीकाठी सारंगखेड्याची यात्रा सुरू होते आणि तिच्यासोबत घोडेबाजार. हौशे, नवशे, गवशे सगळेच येतात. पुढचे नियम मात्र जाणकार नावाच्या चौथ्या वर्गासाठी आहेत. आमचे भाऊजी याच वर्गातले.

नियम पहिला. आधी दत्ताचं दर्शन घ्यावं. एरवी दत्त तीन मुखांचा, इथला एकमुखी. बाजारातही एकाच तोंडाने बोलावं, एवढा बोध पुरे. भाऊजी घोडेवाल्यापुढे ‘महाग आहे’ म्हणतात, आमच्यापुढे ‘स्वस्तात पडतोय’ आणि फोनवर ताईला ‘नुसता बघतोय’.

नियम दुसरा. घोड्यावर डावीकडून चढावं. मागून जवळही जाऊ नये.

नियम तिसरा, मांड. रिकिबीत पाय चवड्यापर्यंतच घालावा, टाच खाली दाबावी, नजर घोड्याच्या दोन कानांमधून पुढे ठेवावी. मारवाडी घोड्याच्या कानांची टोकं आत वळून एकमेकांना भिडतात, त्यामुळे कमान आयतीच मिळते. तोल जातोय असं वाटलं की माणूस लगामाला लोंबकळतो. लगाम घोड्याला सांगायला असतो, धरून राहायला नव्हे. तोल राखायचा तो मांड्यांनी आणि कमरेने. घाबरून पुढे वाकलात, टाचा वर येऊन पोटात रुतल्या, की घोडा समजतो पळायचा हुकूम झाला. यात त्याचं काय चुकलं? रेवाल चालीच्या घोड्यावर हातातलं पाणी सांडत नाही म्हणतात. हा प्रयोग भाऊजींच्या देखरेखीखाली करावा. ते कायम जमिनीवरच असतात.

नियम चौथा. दात बघावेत. पुढच्या दातांची मधली जोडी अडीच वर्षांच्या सुमारास बदलते, शेजारची साडेतीनला, कडेची साडेचारला. पाचव्या वर्षी तोंड भरतं. हे सगळं भाऊजींकडूनच शिकलेलं, आणि बरोबर आहे. घोड्याचा ओठ ते इतक्या हळुवार हाताने उचलतात की बुजरं जनावरही मान हलवत नाही. त्या क्षणी त्यांच्याबद्दलचा सगळा राग जातो. मग ते किंमत विचारतात.

नियम पाचवा. पांढऱ्याशुभ्र नुकऱ्यासमोर तोंड बंद ठेवावं. ‘साहब, लेना है या देखना है?’ असा प्रश्न आला की भल्याभल्यांची मांड सुटते, तीही जमिनीवर उभ्या उभ्या.

एवढे नियम लिहीपर्यंत एखादं दहा-बारा वर्षांचं पोरगं खोगिराशिवाय, नुसत्या दोरीवर घोडा पळवत गर्दीतून निघून जातं. भाऊजी म्हणतात, बैठक साफ चुकीची आहे. पोरगं काही पडत नाही.

तेव्हा बसायचं असेल तर त्या पोराला विचारा, घ्यायचा असेल तर भाऊजींना न्या. नुसतं बघायचं असेल तर तसं पहिल्याच वाक्यात सांगून टाका आणि परतताना नंदुरबारची मिरची घ्या. तिचे दात बघावे लागत नाहीत.